गोमुखीतला मासा

माशाला मी जन्मात स्पर्श केलेला नाही. मला पोहता येत नाही. गिरगावच्या चौपाटीवर गणपतीच्या विसर्जनाला घोट्याभर पाण्यात उतरलो असेन, तेही धोतराचा सोगा सावरीत. असे असूनही माझी उमेदीची वर्षे मी समुद्राच्या तळाशी काढली, हे सांगितले की ऐकणारा प्रथम माझ्याकडे पाहतो आणि मग काळजीने माझ्या मुलाकडे. वय झाले म्हणून मी भ्रमिष्ट झालेलो नाही, हे एकदा लेखी स्वरूपात नमूद करून ठेवावे, एवढ्याच हेतूने हे लिहीत आहे. या अंकाच्या संपादकांनी 'वाचकांचे रंजन होईल असे लिहा' अशी सूचना केली आहे. ते माझ्या हाती नाही. जे दिसले ते लिहितो.

माझ्या पदाचे नाव 'चित्रफीत-निरीक्षक' असे होते. कचेरीचे नाव सांगण्याचे कारण नाही. ती सरकारी होती आणि परळला कापसाच्या एका जुन्या गुदामात होती. छताच्या तुळयांवरून तेव्हाही अधूनमधून कापसाचा पुंजका खाली येई आणि शाईच्या दौतीत पडे. तेव्हा द्विभाषिक राज्य होते. मुंबई, सौराष्ट्र, कच्छ सारे एकाच सरकारच्या छत्राखाली. त्यामुळे कच्छच्या आखातातील प्रवाळाचे खडकही आमचेच होते. जामनगरकडचे एक गुजराती गृहस्थ पाठीवर हवेची नळकांडी बांधून, काचेच्या पेटीत घातलेला कॅमेरा घेऊन त्या खडकांवर उतरत आणि तेथील जीवसृष्टीचे चित्रण करीत. ती रिळे पत्र्याच्या डब्यांतून परळला येत. एका यंत्रावर ती सावकाश फिरवून, कोणता जीव किती वेळ काय करीत होता, हे पत्रकात उतरवून काढणे हे माझे काम. समुद्रात एकजण भिजे; त्याचे फळ कोरड्या जागी बसलेल्या दुसऱ्याने लिहून काढावे, अशी ती व्यवस्था होती. सरकारातील बहुतेक कामे अशाच रीतीने चालतात.

पाठशाळेत व्याकरण आणि न्याय शिकलेल्या मनुष्याला हे काम कसे मिळाले? मुलाखत घेणारे अधिकारी दिघे साहेब. विलायतेत शिकलेले, गळ्यात बो बांधणारे, सज्जन. त्यांनी एकच प्रश्न विचारला होता.

"किती वेळ न हलता बसू शकता?"

"पुरश्चरणाच्या वेळी सहा तास बसलो आहे."

"डोळे उघडे ठेवून?"

"डोळे मिटलेले असत."

"आता उघडे ठेवावे लागतील," साहेब म्हणाले, आणि मला तात्पुरत्या जागेवर नेमून घेतले. 'तात्पुरत्या' हा शब्द वाचकांनी ध्यानात ठेवावा. तो मला पुढे पुष्कळ दिवस पुरला.

साहेबांनी माझ्या मेजासमोरच्या भिंतीवर स्वतःच्या हस्ताक्षरातील एक पाटी लावविली होती: 'दिसले ते लिहा. वाटले ते लिहू नका.' हा नियम मला माझ्या गुरुजींच्या उपदेशाइतकाच पूज्य वाटला. तो पाळणे किती कठीण, हे पहिल्याच आठवड्यात कळले. एक मासा खडकाला टेकून, पापणीही न लववता (माशाला पापणी नसते, हेही मला मागाहून कळले) निश्चल बसला होता. माझे मन भरून आले. मी लिहिले: 'मत्स्य ध्यानस्थ आहे.'

यंत्र चालविणारे गोविंद तांडेल माझ्या खांद्यावरून वाचीत होते. मूळचे मालवणकडचे, आधी गिरणीत फिटर, राहणार डिलाईल रोडच्या चाळीत. वयाने माझ्याएवढेच.

"ध्यान खंयचा ओ, शास्त्रीबुवा? तो खावक बसलोहा. बघा आता."

मी पाहिले. एक बारीक मासा जवळून गेला आणि आमचे ऋषी त्याला गिळून पुन्हा पूर्ववत निश्चल झाले. मी 'ध्यानस्थ' खोडून 'स्थिर' असे लिहिले. तांडेलांनी मान डोलावली आणि त्या माशाचे काटे कसे काढावे, ते न विचारता सांगितले. आमचे पुढचे सारे सहकार्य याच नमुन्याचे होते. मी माशाला संस्कृत नाव द्यावे आणि त्यांनी त्याला कोणते वाटण लागते ते सांगावे. एकाच जिवाचा दोन बाजूंनी अभ्यास होई.

कालमापनाची एक अडचण होती. कचेरीचे घड्याळ दुरुस्तीला गेले होते आणि ते परत येण्याची आशा साहेबांनीही सोडली होती. मला नामस्मरणाची सवय. एक रामनाम घेण्यास किती वेळ लागतो, हे शरीराला ठाऊक झालेले. म्हणून उजवा हात गोमुखीत घालून मी माळ ओढू लागलो आणि डाव्या हाताने टिपू लागलो. गोमुखी म्हणजे जपाची माळ ज्यात झाकून ओढतात ती कापडी पिशवी. पत्रकात नोंद होई: 'खेकडा बिळाबाहेर, अर्धी माळ. पुन्हा आत.' परमेश्वराच्या नामाचे मी घड्याळ केले, याचा विषाद मला आजही आहे. पण इतके एकाग्र नामस्मरण मला देवघरात कधी साधले नाही, हेही खरे.

ही पत्रके दिल्लीस गेली. तेथून पत्र आले की 'माळ' हे परिमाण नव्या दशमान पद्धतीत कसे बसवावे, याचा खुलासा व्हावा. साहेबांनी मला बोलावले. ते खरोखरच चिंतेत होते.

"शास्त्रीबुवा, माळेत मणी किती?"

"एकशे आठ."

"आठ कमी करता येतील का?"

मी नम्रपणे सांगितले की तो अधिकार या कचेरीकडे नाही. तसेच उत्तर दिल्लीस गेले. पुन्हा पत्र आले नाही.

घरचीही एक अडचण होती. दिवसभर मासे पाहून आलेला मनुष्य पानावर बसू शकतो काय, यावर आमच्या चाळीत दोन तट पडले. एका शेजाऱ्यांनी तर 'दृष्टीचा विटाळ' अशी नवीच संज्ञा काढली. निर्णय माझ्या पत्नीने दिला. ती फक्त दुसरी इयत्ता शिकलेली.

"तुम्ही पाहता ते मासे जिवंत असतात ना?"

"जिवंतच असतात."

"मग तो अवतार झाला. मेला की मासळी. जिवंत पाहून आलात तर हातपाय धुऊन बसा. मेलेला पाहिलात तर मात्र आंघोळ."

इतका स्वच्छ निर्णय मी धर्मसभांतूनही ऐकलेला नाही. तेव्हापासून जेवताना ती रोज विचारी, "आज काय केलं हो माशांनी?" आणि मी सांगे. आमच्याच चाळीतले एक ज्योतिषी तेवढ्यासाठी दारात येऊन बसत. मंगळासाठी पोवळ्याची अंगठी विकण्याचा त्यांचा व्यवसाय. "जन्मभर पोवळ्यातच राहणाऱ्या माशांना मंगळ बाधत नसेल, नाही?" असे त्यांनी मला एकदा अत्यंत गंभीरपणे विचारले. मी म्हटले, पत्रकात तसा रकाना नाही.

आता मुख्य गोष्टीकडे येतो.

एका रिळात खडकाच्या कपारीपाशी एक मोठा गोबरा होता. गोबरा म्हणजे जाड ओठांचा, रुंद तोंडाचा, माणसाच्या मांडीएवढा मासा. त्याने आ वासला. करंगळीएवढा, अंगावर निळी रेघ असलेला एक मासा आला आणि न बिचकता त्या तोंडात शिरला. तोंड अर्धवट मिटले. मी माळ ओढू लागलो. एक नाम, दोन, तीन. सात नामे झाली. आठव्याला गोबऱ्याने तोंड उघडले आणि लहान मासा तोंड पुढे करून, सुखरूप, घाई न करता बाहेर आला. दाढांत अडकलेले काही वेचून खाण्यास तो गेला असावा. पण ते वाटणे झाले. मी फक्त दिसले ते लिहिले. लिहिण्यापूर्वी ती फीत अकरा वेळा पाहिली. हात जोडले गेले, हेही कबूल करतो.

साहेबांनी पत्रक वाचून ते माझ्यासमोर ठेवले.

"अशक्य. आत गेलेला मासा बाहेर येत नाही. तांडेल, तू फीत उलटी लावली असशील. शिरतानाचंच दृश्य उलटं फिरलं आणि यांना बाहेर आल्यासारखं दिसलं."

"सायब, उलटी लावलली तर मासो शेपटेकडसून भायर येतलो. ह्यो तोंडान येता," तांडेल म्हणाले.

ऑपरेटरने केलेला युक्तिवाद साहेबांना ऐकू आला नाही. तेव्हा मी विनंती केली की चित्राच्या डाव्या कडेस पाहावे. तेथे दुसऱ्या एका पाणबुड्याचे श्वासाचे बुडबुडे दिसत होते. ते वर जात होते. फीत उलटी असती तर बुडबुडे खाली उतरले असते. न्यायशास्त्रात धुरावरून अग्नीचे अनुमान करतात. मी बुडबुड्यांवरून केले. साहेबांनी तीनदा पाहिले, खुर्चीतून उठले आणि माझा हात हातात घेतला.

"शास्त्रीबुवा, हा शोध आहे. यावर मी निबंध लिहीन. आणि तुमचा कायम नेमणुकीचा कागद या महिन्यात काढतो."

साहेब उमद्या मनाचे होते. दोन्ही गोष्टी ते मनापासून बोलले.

पण बाहेर दिवस निराळे होते. गिरणगावात सभा, मोर्चे आणि घोषणा यांवाचून दिवस मावळत नसे. मुंबई कोणाची, या प्रश्नाने माणसे झोपेतून उठत. कामगारांचे चित्त थोडे शांत व्हावे, म्हणून वरून हुकूम आला: निसर्गाचे सौंदर्य दाखविणारे बोधपट चाळींतून मोफत दाखवावेत. आमच्या प्रवाळाचा एक छोटा पट तयार झाला. अर्थात त्यात गोबरा होता. पट दाखविण्यापूर्वी तो एका समितीने पाहून मंजूर करावयाचा. तिघे गृहस्थ आले. त्यांचे मुख्य उंच टोपीचे होते; बाकीचे दोघे त्यांच्या टोपीकडे पाहून मान हलवीत.

लहान मासा गोबऱ्याच्या तोंडातून बाहेर येताच मुख्यांनी यंत्र थांबविले.

"हा मोठा मासा कोण?"

"गोबरो, सायब," तांडेल म्हणाले.

"जात नाही विचारली. लोकांना तो कोण वाटेल?"

"लोकांका गोबरोच वाटतलो. तेचा कालवण बरा होता."

मुख्यांनी त्यांच्याकडे दुर्लक्ष केले. "आणि लहान मासा? एवढासा, आणि निर्भयपणे तोंडात शिरतो. दिघे, लोक म्हणतील ही मुंबई."

"मुंबई आत जाते, असे दिसल्यास आपणांस हरकत..." साहेब चाचरले.

"आत जाण्यास हरकत नाही. ते निसर्गाला धरून आहे. पण ती बाहेर येते! डोलत येते! हे सरळ चिथावणीचे आहे. बाहेर येणे कापा."

अशा रीतीने निसर्गातील आक्षेपार्ह भाग निश्चित झाला.

तांडेलांनी कात्री चालविली. फितीचा अडीच हातांचा तुकडा माझ्या मेजावर ठेवण्यात आला. तो जाळून टाकावयाचा होता. जाळल्याचा दाखला साहेबांनी आधीच सही करून फायलीत लावला होता. मग त्यांनी माझे पत्रक पुढे केले. पट आणि पत्रक जुळले पाहिजेत, असा नियम होता.

"मी खोटं लिहा म्हणत नाही, शास्त्रीबुवा. फक्त अर्धं लिहा. 'लहान मासा मोठ्या माशाच्या मुखात प्रविष्ट झाला.' हे दिसलं ना तुम्हाला?"

"दिसले."

"मग एवढंच. आणि हा तुमचा कागद. सही झाली की वर पाठवतो."

माझा कायम नेमणुकीचा कागद त्यांच्या हाताखाली होता. समोर भिंतीवर त्यांचीच पाटी होती. आम्ही दोघांनीही ती पाहण्याचे टाळले. मी सही केली. अर्धे लिहिणे हे खोटे लिहिणे नव्हे, याला तर्कशास्त्रात चांगले आधार आहेत. ते सगळे मला मुखोद्गत होते आणि परळपासून गिरगावापर्यंत मी ते स्वतःला ऐकवीत गेलो.

घरी पत्नीने पाट मांडला आणि नेहमीप्रमाणे विचारले, "आज काय केलं हो माशांनी?"

मी न्हाणीघरात गेलो आणि आंघोळ केली. ती उमजली असावी. त्या दिवशी तिने पुन्हा विचारले नाही.

तुकडा बंबात घालण्यासाठी मी घरी आणला होता. पण उजेडाकडे धरला तेव्हा त्यात तो मासा होता, जिवंत, अर्धा बाहेर आलेला. जळणात अवतार कसा घालावा? घरात जेथे दुसऱ्या कोणाचा हात जात नाही, अशी एकच जागा होती. मी तुकड्याची गुंडाळी करून गोमुखीत ठेवली.

डिलाईल रोडच्या चाळीच्या पटांगणात पडदा लागला, तो तांडेलांच्याच चाळीत. दिवेलागण झाली होती. पुढे कोकणातल्या बायका, पदरात मुले, मागे पाळी संपवून आलेले पुरुष, कठड्यांवर माणसे, शेजारच्या चाळीतली बौद्ध मंडळीही आली होती. मी ध्वनिक्षेपकापुढे निवेदनास उभा. साहेब बाजूच्या खुर्चीत. प्रथम मी 'शुकमत्स्य' म्हणालो की पुढच्या बायकांतून त्याचे खरे नाव येई. दोन-तीनदा असे झाल्यावर मी नावे सांगणे त्यांच्यावर सोपविले आणि कार्यक्रम उत्तम रंगला.

मग गोबरा आला. लहान मासा त्याच्या तोंडात शिरला. तोंड मिटले. आणि एकदम पडद्यावर समुद्रफुले डोलू लागली.

मग पुढून आवाज आला. तांडेलांच्या मातोश्री होत्या त्या, सत्तरी ओलांडलेल्या, सगळे त्यांना बाये म्हणत.

"ओ भटजीनू, तो बारको मासो खंय गेलो?"

"गिळला सायबानं!" मागून एकजण ओरडला. हशा झाला, पण चांगला नव्हे.

"गिळतोय कसला? घशात अडकंल त्याच्या!"

"बाहेर आलाच पाहिजे!"

"आलाच पाहिजे!" कठड्यांवरून साद आली. आणि ज्या 'झालाच पाहिजे'च्या घोषणेपासून लोकांना दोन घटका दूर न्यावे म्हणून सरकारने मासे आणले होते, ती घोषणा पुऱ्या चाळीने माशासाठी दिली. साहेब बो सैल करू लागले. समितीने बाहेर येणे कापले नसते, तर तो मासा मासाच राहिला असता, हे तेव्हा त्यांच्याही ध्यानात आले असावे.

गलक्यात एक गृहस्थ उभे राहिले. शेजारच्या चाळीतले कांबळे मास्तर. ते कामगारांच्या रात्रशाळेत शिकवीत. त्यांनी हात वर केला आणि माणसे थांबली.

"शास्त्रीबुवा, घोषणा राहू द्या. तुम्ही हे चित्र पुष्कळदा पाहिलं असेल. एवढंच सांगा. तो मासा बाहेर येतो की नाही?"

इतका सरळ प्रश्न. विचारणाऱ्याला उत्तर ठाऊक नव्हते आणि त्याला ते खरोखर हवे होते. माझ्यापाशी ते होते. अकरा वेळा पाहिलेले. साहेबांनी खुर्चीतून माझ्याकडे पाहिले. मी ध्वनिक्षेपकाशी तोंड नेले, आणि घसा साफ केला, आणि 'आता समुद्रफुलांकडे लक्ष द्यावे' असे म्हणालो.

माझ्या आयुष्यात मी पुष्कळ व्याख्याने दिली. लोकांनी ती विसरावीत अशी माझी इच्छा नसते. हे एक वाक्य मात्र कोणाच्या स्मरणात नसेल तर देवाची कृपा.

तेवढ्यात यंत्राची घरघर थांबली. खटका पडला. पडद्यावरची समुद्रफुले मिटली, गोबरा परत आला, त्याने तोंड उघडले. आणि लहान मासा बाहेर आला. शेपटी पुढे करून, मागच्या पावलांनी, पण आला. तांडेलांनी फीत उलटी फिरविली होती.

असा जल्लोष मी त्यापूर्वी ऐकला नव्हता. टोप्या उडाल्या. माणसांनी एकमेकांना मिठ्या मारल्या. साहेब कधी निघून गेले ते कळले नाही. गर्दी पांगताना बाये माझ्याजवळ येऊन हळू म्हणाल्या, "बुडबुडे खाली कित्याक जायत होते ओ? आणि मासो पाठमोरो?"

मी ध्वनिक्षेपकाची तार गुंडाळू लागलो.

"उलटा दाखवल्यान माझ्या झिलान. माका कळला. पण मासो काय खोटो नाय. खरा ना?"

"खरा आहे," मी म्हणालो. एका म्हातारीपुरते, ध्वनिक्षेपकाशिवाय.

पंधरवड्यात तांडेलांवर चौकशी बसली. खोटे दृश्य दाखवून लोकांस भडकविले, असा आरोप. सिद्ध झाल्यास नोकरी जाणार, आणि गिरणीत त्यांची जागा केव्हाच दुसऱ्याला गेलेली. साक्षीदार मी एकटा. चौकशी अधिकारी वयस्क, चष्म्यावरून पाहणारे. साहेब शेजारी बसले होते. जागा माझीच, मेज माझेच, आणि भिंतीवरची पाटीही तीच.

"फीत उलटी चालविली, हे खरे?"

"खरे."

"म्हणजे दृश्य खोटे होते."

"दृश्य उलटे होते. मासा खोटा नव्हता."

अधिकाऱ्यांनी चष्मा काढला. "तुमच्या पत्रकात मासा आत गेला एवढेच आहे. बाहेर आल्याचा उल्लेख नाही. सही तुमची?"

"सही माझी आहे. पत्रक अर्धे आहे."

"अर्धे कोणी केले?"

साहेब मेजावरील टाचणी उचलून पाहू लागले. त्यांनी मला नोकरी दिली होती, हात हातात घेऊन शोधाचे कौतुक केले होते. आणि लेखणी तर त्यांच्या हातात नव्हती.

"मी."

"उरलेले अर्धे कोठे आहे?"

मी गोमुखी पुढे ओढली, तिच्यात हात घातला आणि फितीची गुंडाळी बाहेर काढून मेजावर ठेवली. अधिकारी ती खिडकीच्या उजेडाकडे धरून पुष्कळ वेळ पाहत राहिले. एकेक चौकट सरकवीत. मध्येच स्वतःशीच हसले.

"बुडबुडे वर जातात," ते म्हणाले.

"होय."

त्यांचा निर्णय आठवड्याने आला. तो मी पाठ केला आहे: 'सदर तुकडा जाळून नष्ट केल्याचा दाखला दप्तरी असल्याने तो अस्तित्वात नाही. अस्तित्वात नसलेल्या सदर तुकड्यात मासा बाहेर येताना स्पष्ट दिसतो. सबब तांडेल निर्दोष.' सूत्रकारांना साधणार नाही असा हा ग्रंथ. नसलेला तुकडा घरी ठेवल्याबद्दल मला शिक्षा करता येईना. न जाळता दाखला दिल्याबद्दल साहेबांनाही. माझा कायम नेमणुकीचा कागद मात्र साहेबांच्या खणात परत गेला. तांडेल त्या दिवशी यंत्राला तेल घालीत होते. मान वर न करता म्हणाले, "खरा सांगलात ता बरा केलात, बुवा. जरा आदी सांगला असतात तर माका फीत उलटी फिरवूची लागली नसती."

मी तेलाची बुधली त्यांच्या हाताजवळ सरकवली.

मग एक दिवस राज्य झाले. गिरणगावात दिव्यांच्या माळा लागल्या. पेढे वाटताना बायेंनी मला दोन दिले. 'इलो मासो भायर' एवढेच म्हणाल्या. आणि आनंद ओसरण्यापूर्वी कचेरीत याद्या करण्यास सुरुवात झाली. दोन राज्यांची वाटणी. मुंबई आम्हाला मिळाली. कच्छचे आखात गुजरातला गेले, आणि आखाताबरोबर प्रवाळ, आणि प्रवाळाबरोबर रिळे. एवढे रण माजवून आम्ही सारा समुद्र जिंकला आणि त्याचा तळ गमावला, हे त्या गडबडीत तांडेल आणि मी या दोघांखेरीज कोणाच्या लक्षात आले नाही.

रिळे न्यायला ते जामनगरकडचे गृहस्थ स्वतः आले, ज्यांनी पाण्याखाली जाऊन हे सारे टिपले होते. मी त्यांना प्रथमच पाहिले. उन्हाने रापलेले, हळू बोलणारे. डबे ट्रकवर चढले. मी त्यांना बाजूला घेऊन तुकडा पुढे केला.

"हा आपला आहे. आपल्या फितीला जोडावा."

त्यांनी तो उजेडाकडे धरला. चेहरा उजळला. मग त्यांनी यादी उलटसुलट पाहिली.

"शास्त्रीजी, लिस्टमध्ये नाय. घेतला तर कुठून आला ते लिहावा लागेल." तुकडा त्यांनी माझ्या तळहातावर ठेवून माझी बोटे मिटली. "जाते वेळचा मासा आमच्याकडे. येते वेळचा तुमच्याकडे. ठीक छे."

ट्रक दादरच्या दिशेने गेला. दुसऱ्या दिवशी, खाते रिकामे करताना, कोणालातरी खणात माझा कागद सापडला आणि तो मंजूर झाला. अशा रीतीने ज्या प्रवाळाचे एकही रीळ कचेरीत उरले नव्हते, त्याचा मी कायम निरीक्षक झालो. पुढे आणखी काही वर्षे मी त्या पदावर पांढऱ्या पडद्यासमोर बसलो. जपाला ती जागा फार चांगली होती.

आता दादरला मुलाकडे असतो. पत्नी गेली. तांडेल गावी गेले ते तिकडेच. सकाळी शिवाजी पार्कला एक फेरी, मग पूजा, मग जप. माळ आणि तो तुकडा आजही एकाच गोमुखीत आहेत; फितीचा रंग थोडा तांबूस झाला आहे. जप आटोपला की मी हात आतच ठेवतो आणि सात नामे थांबतो. आत एवढाच वेळ लागतो, हे मी मोजलेले आहे. आठव्या नामाला तुकडा बाहेर काढून खिडकीशी धरतो. मासा येतो, तोंड पुढे करून, घाई न करता. बुडबुडे वर जातात.